पत्रक क्रमांक एक

"पुरावा, इकडे ये जरा. हे यंत्र मला काहीतरी भलतंच विचारतंय."

मावशीची हाक आली तेव्हा भाची स्वयंपाकघरात चहाचे कप विसळत होती. पुरावा हे तिचं घरातलं नाव. लहानपणी कुणी म्हणालं, दूध संपलं, की ही पातेल्यात डोकावून बघायची आणि विचारायची, "पुरावा काय?" पुढे ती वनस्पतिशास्त्र शिकली, परागकणांवर काम करणाऱ्या एका प्रयोगशाळेत लागली आणि नोकरीसाठी मावशीकडे राहायला आली. नाव मात्र तेच राहिलं, उलट आता ते शोभायलाही लागलं होतं.

मावशी आठ दिवस मुलाकडे राहून त्याच दुपारी परतली होती. बॅग अजून दारातच होती. चहा झाल्या झाल्या ती टीव्हीसमोर बसली होती, कारण आठ दिवस तिचं गाव तिच्याविना होतं.

हे गाव टीव्हीतलं. मुलगा घर सोडून गेला तेव्हा त्याचा गेमिंग कन्सोल मागे राहिला. आता ते मॉडेल बाजारात मिळतही नाही. त्याच्या पोटात जागा काडेपेटीएवढी, म्हणून मुलाने जाताना बाहेरून जोडायची एक डिस्क आणून दिली होती. मावशीच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली, दोन महिने पाय लांब करून बसायची शिक्षा झाली, तेव्हा तिने वेळ जावा म्हणून तो सुरू केला. त्यात एक गाव वसवायचा खेळ होता. नदी आयती मिळते, बाकी सगळं आपण करायचं. मावशीने एकतीस वर्षं नगरपालिकेच्या नकाशा विभागात काढली होती. रस्ता कुठून न्यायचा ते साहेब ठरवायचे, रेघ मावशी मारायची. एकदा एक रस्ता शाळेच्या मैदानातून जात होता. तिने दोनदा सांगून पाहिलं. साहेब म्हणाले, "बाई, तुम्ही रेघ मारा." तिने मारली. ती रेघ तिच्या मनातून कधी गेली नाही. या गावात मात्र साहेब नव्हते. सहा वर्षं ती रोज संध्याकाळी तासभर तिथे रस्ते, नळ, शाळा आणि पूल मांडत होती, आणि एकही रस्ता कुठल्या मैदानातून गेला नव्हता.

भाची हात पुसत बाहेर आली. टीव्हीवर लिहिलं होतं: जोडलेली डिस्क या यंत्रासाठी तयार केलेली नाही. तयार करायची का? डिस्कवरची सर्व माहिती पुसली जाईल.

खाली दोन चौकटी होत्या. मावशीने खूण 'नाही'वर आणून ठेवली होती आणि अंगठा बटणापासून चांगला बोटभर वर उचलून धरला होता.

भाचीची नजर टीव्हीवरून खाली गेली. कन्सोलच्या बाजूला ती काळी डिस्क होती. तिच्यावर पांढरी पट्टी आणि पट्टीवर मावशीच्या सुबक अक्षरात 'पत्रक क्र. १'. भाचीला एकदम कळलं नाही. आधी कान गरम झाले, मग तिला कळलं की आपल्याला काय कळलंय.

चार दिवसांपूर्वी हेच वाक्य, जवळजवळ याच शब्दांत, तिच्या लॅपटॉपवर आलं होतं. तिने 'होय' दाबलं होतं.

त्या दिवशी प्रयोगशाळेतून निरोप आला होता की सूक्ष्मदर्शकाचा संगणक उद्या बदलणार, आपापले फोटो काढून घ्या. तिचे फोटो अकरा हजार, म्हणजे दीड वर्षाचं काम. तिची स्वतःची डिस्क भरलेली. मावशीकडे नकाशे ठेवायचं एक रुंद, उथळ कपाट होतं. त्याच्या वरच्या खणात रेखणीच्या पेनांच्या जुन्या डबीत ही डिस्क सापडली. नकाशाच्या कागदाला मावशी पत्रक म्हणायची, तेव्हा 'पत्रक क्र. १' म्हणजे ऑफिसचे जुने नकाशे असणार. लॅपटॉपला जोडली तर लॅपटॉप म्हणाला, वाचता येत नाही. आता एका निरीक्षणावर विश्वास ठेवील ती पुरावा कसली! तिने डिस्क प्रयोगशाळेत नेली आणि दुसऱ्या संगणकाला लावली. तोही तेच म्हणाला. दोन स्वतंत्र यंत्रं, निष्कर्ष एक: डिस्कवर काही नाही.

तिसरी चाचणी सगळ्यात सोपी होती. मावशीला फोन करायचा. फोन हाताशी होता, मावशी मोकळी होती. तिने केला नाही, कारण तिला खात्री होती. खात्री झाली की माणूस मोजायचं थांबतो.

तो कन्सोल डिस्कवर स्वतःच्याच पद्धतीने लिहितो आणि ते इतर कुठल्या संगणकाला वाचता येत नाही, हे तिला माहीत नव्हतं. अनोळखी लिपीतली वही हातात आली असती तर ती कधीच म्हणाली नसती की ही कोरी आहे. डिस्कबद्दल मात्र ती तेच म्हणाली होती. चार महिने ती या घरात राहत होती. रोज जेवताना "मावशी, तुझ्या गावात आज पाणी आलं का?" असं चिडवत होती. पण गाव राहतं कुठे, हे तिने एकदाही विचारलं नव्हतं. मावशी खेळून झालं की डिस्क सोडवायची, चष्म्याच्या फडक्याने पुसायची आणि डबीत ठेवायची. भाची त्या वेळी बहुतेक फोनमध्ये असायची.

"काय गं? काय म्हणतोय तो?" मावशीने विचारलं.

सांगायला तो एक क्षण होता. भाचीला तो नंतर अगदी नेमका आठवायचा: पंख्याचा आवाज, दारातली बॅग, मावशीचा वर धरलेला अंगठा.

"डिस्क... गेलेली दिसते," ती म्हणाली.

"गेली म्हणजे?"

"खराब झाली. होतं असं."

"अशी कशी होईल? पडली नाही, आपटली नाही. मी तर इथे नव्हतेच."

"आत तबकडी फिरते ना, तिला वीज कमी पडली की लिहिताना अडखळते. मग... सगळंच जातं कधीकधी."

मावशीने तिच्याकडे पाहिलं आणि जरा हसली. "पुरावा काय?"

घरातला जुना विनोद. भाचीने नजर टीव्हीकडे वळवली.

"जाऊ दे," मावशीच म्हणाली. "तू म्हणतेस म्हणजे असेल. तुझं शिक्षण आहे त्यातलं." मग थोडं थांबून, "वीज कमी पडली म्हणजे वायरीतून?"

"हो," भाची म्हणाली. "वायरीतूनही असू शकतं."

मावशीने कन्सोल बंद केला. बॅग उचलून आत नेली आणि कपडे एकेक करून कपाटात लावत बसली. जेवताना म्हणाली, "पलीकडच्या काठावरच्या लोकांना दवाखाना लांब पडत होता. जाण्याआधी पूल पूर्ण केला होता मी." एवढंच. भाचीने मान खाली घालून भात संपवला.

पुढचे चार दिवस संध्याकाळ झाली की मावशी टीव्हीसमोर येऊन बसायची, मग उठायची आणि काहीतरी आवरायला घ्यायची. आवरायचं काही शिल्लक नव्हतं. एकदा तिने डबीतली पेनं काढून धुतली. ती दोन वर्षांत कुणी वापरली नव्हती. चोराच्या मनात चांदणं असतं म्हणतात. भाचीला मावशीच्या प्रत्येक उसाशात आपलं नाव ऐकू यायचं आणि प्रत्यक्षात मावशी तिला उलट जपत होती. "तू नको वाईट वाटून घेऊस," असं म्हणाली तेव्हा तर भाची पाणी प्यायच्या निमित्ताने उठूनच गेली.

गुरुवारी संध्याकाळी ती बसमधून उतरून येत होती. दोन गल्ल्या अलीकडे दुरुस्तीचं दुकान आहे. इस्त्री, रेडिओ, मोबाईल, काहीही आणा. मालक प्रत्येक वस्तूवर तक्रारीची चिठ्ठी बांधतो, तिला पेशंट म्हणतो आणि बरी झाली की फोन करतो, म्हणून सगळे त्याला डॉक्टर म्हणतात.

"ओ ताई! सायन्सवाल्या ताई! दोन मिनिटं आत या."

ती आत गेली. टेबलावर दिव्याखाली एक वायर पसरलेली होती. एका बाजूला एक तोंड, दुसऱ्या बाजूला दोन. तिने ती ओळखली. मावशीची जुनी वायर सैल झाली होती, म्हणून महिन्यापूर्वी डॉक्टरांनी स्वतः जोडून दिलेली ही दुतोंडी वायर. कन्सोलच्या एका भोकातून डिस्कला पुरेशी वीज मिळत नाही, म्हणून दोन भोकांतून घ्यायची. कल्पना साधी आणि काम नेटकं. जोडावर काळी नळी अशी बसवलेली की बोट फिरवलं तर शिवण लागत नाही.

"मॅडम परवा आल्या होत्या," डॉक्टर म्हणाले. "ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं हो. वायर काउंटरवर ठेवली आणि म्हणाल्या, 'डॉक्टर, ही तुमच्याकडेच असू द्या. मी दोष देत नाही.' दोष देत नाही म्हणजे काय? सगळा दिलाच की!"

भाचीने वायरीच्या जोडावरून बोट फिरवलं.

"आता बघा." त्यांनी मीटर पुढे ओढला. "सोळा वेळा मोजलं. वाकवून मोजलं, हलवून मोजलं, गरम करून मोजलं. वीज भरपूर येते. मॅडम म्हणाल्या, तुम्ही तपासून सांगितलंत की वायरीतून कमी पडली. तर मला सांगा, तुम्ही कुठे मोजलं? डिस्कच्या तोंडाशी की इकडे?"

हा प्रश्न तिनेच विचारला असता. तिच्या प्रयोगशाळेत कुणी न मोजता आकडा सांगितला असता तर तिने त्याला फाडून खाल्लं असतं. तिने काहीच मोजलं नव्हतं.

"कधीकधी," ती म्हणाली, आणि स्वतःचा आवाज तिला परका वाटला, "मोजताना ठीक असतं आणि वापरताना नसतं."

"अधूनमधून येणारा दोष." डॉक्टरांनी मान हलवली, चिठ्ठी ओढली आणि खरंच तसं लिहिलं. "तोच सगळ्यात वाईट. सापडत नाही आणि माणसाला झोपू देत नाही." त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "असल्या आणखी चार दिल्यात मी. एक शाळेच्या बाईंना, एक त्या कोपऱ्यावरच्या फोटोवाल्याला, आणखी दोघांना. काल चौघांनाही फोन करून परत मागवल्या. फोटोवाला म्हणतो, 'बाकीची कामं तरी धड करता ना?'"

ते हसले. हसू ओठांवरच राहिलं.

आता सांग, असं तिच्या आत कुणीतरी म्हणालं. तेवढ्यात एक बाई मिक्सर घेऊन आल्या. तिला इतकं हायसं वाटलं की त्या हायसं वाटण्याचीच तिला किळस आली.

"शनिवारी सकाळी मॅडमना घेऊन या," मागून डॉक्टर म्हणाले. "डिस्क आणा सोबत. उघडून बघू, काही निघतंय का."

घरापर्यंतच्या दोन गल्ल्यांत तिने हिशेब मांडला. डॉक्टर डिस्क संगणकाला लावणार. लावताच अकरा हजार परागकण पडद्यावर येणार, प्रत्येक फाईलच्या नावात तारीख आणि तिची आद्याक्षरं. पद्धतशीर काम करायची सवय, दुसरं काय. गुन्हेगाराने जागोजागी सही करून ठेवली होती.

शुक्रवारी मावशी गुडघ्यासाठी फेरी मारायला बाहेर पडली. भाचीने डबीतून डिस्क काढली आणि लॅपटॉपला जोडली. वाचता येत नाही वगैरे काही नाही, डिस्क लगेच उघडली. फोटो प्रयोगशाळेत नव्या संगणकावर कधीच चढवून झाले होते. इथले पुसले की झालं. डिस्क पुन्हा कोरी. डॉक्टर बघतील, मान हलवतील, म्हणतील काही निघत नाही. वायरीवरचा डाग राहील, पण वायर काही बोलत नाही.

तिने सूचना दिली. पडद्यावर आलं: सर्व माहिती पुसली जाईल. पुढे जायचं?

मागच्याच महिन्यात तिने प्रयोगशाळेत नव्याने आलेल्या एका मुलीला सगळ्यांसमोर झापलं होतं. त्या मुलीने नोंदवहीत चुकलेल्या आकड्यावर पांढरी शाई फासली होती. नोंदवहीत खाडाखोड करायची नाही. चुकलं तर एकच रेघ मारायची, अशी की खालचं वाचता आलं पाहिजे. बाजूला तारीख आणि सही. "चूक लपवली की पुढचं सगळं काम संशयित होतं," असं ती मोठ्या तोऱ्यात म्हणाली होती. त्या मुलीचे कान लाल झाले होते. आता स्वतःचे कान लाल झालेले तिला आरशाशिवाय कळत होते.

तिने 'नाही' दाबलं.

पण 'नाही' दाबणं म्हणजे सांगणं नव्हे. दारात मावशीच्या काठीचा आवाज आला तेव्हा डिस्क डबीत परत गेली होती आणि भाची पुस्तक उघडून बसली होती. मावशी म्हणाली, "उलटं धरलंयस ते." तेही खरं होतं.

शनिवारी सकाळी दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. डॉक्टरांनी दोन स्टूल पुसून पुढे केली. टेबलावर कापड अंथरलं होतं आणि कापडावर ओळीने पाच दुतोंडी वायरी मांडल्या होत्या. पाचही वायरींना चिठ्ठ्या बांधलेल्या. प्रत्येक चिठ्ठीवर 'अधूनमधून येणारा दोष'. तिच्याच खोट्यातून आलेले शब्द.

मावशीने पर्समधून डबी काढली. डॉक्टरांनी डिस्क दोन्ही हातांनी घेतली आणि संगणकाची वायर हातात धरली.

"थांबा," भाची म्हणाली.

दोघांनी तिच्याकडे पाहिलं.

"तुमच्या वायरीत दोष नाही. डिस्कही खराब नाही. मी पुसली." एकदा सुरुवात झाल्यावर तिला थांबता येईना. "मावशी दादाकडे होती तेव्हा. मला फोटो ठेवायचे होते. लॅपटॉप म्हणाला वाचता येत नाही, मला वाटलं रिकामी आहे. मी 'होय' दाबलं. नंतर कळलं, आणि मी खोटं बोलले. मी काहीच मोजलं नव्हतं."

डॉक्टरांनी तरीही वायर जोडलीच. त्यांना बहुधा डोळ्यांनी बघायचं होतं. क्षणात पडदा भरला. गोल, काटेरी, जाळीदार, पिवळे आणि जांभळे कण, शेकड्यांनी. डॉक्टर पडद्याकडे पाहत म्हणाले, "म्हणजे वायर चांगली आहे."

"चांगली आहे."

"पाचही?"

"पाचही."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. रागावलेले दिसले नाहीत. दोन रात्री न झोपलेला माणूस दिसतो तसे दिसले. तेवढ्यात मावशी स्टूलवरून उठली. काठी न घेताच उठली.

"डॉक्टर, मला माफ करा. मी न तपासता तुम्हाला वायर परत दिली."

"अहो मॅडम, तुम्ही कशाला..."

"माझ्या घरातून आलं ना ते."

भाचीला वाटलं, मावशीने थोबाडीत दिली असती तर चाललं असतं. आपल्या चुकीची माफी दुसऱ्याने मागताना ऐकण्याइतकं अवघड दुसरं काही नाही. तिथून नजर कुठे न्यायची तेच कळत नाही.

"त्या चौघांना मी फोन करते," ती म्हणाली.

डॉक्टरांना संकोच वाटला. "मी सांगतो काहीतरी. मोजायला चुकलो म्हणतो."

"तुम्ही चुकला नाहीत," मावशी म्हणाली. "तिला करू द्या."

तिने केले. शाळेच्या बाईंनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाल्या, बरं झालं सांगितलंत. दोघांना काहीच फरक पडत नव्हता. फोटोवाला मात्र खोदून विचारू लागला. "तुम्ही कोण बोलताय पण? कंपनीच्या का?"

"नाही. ज्यांनी वायरीला खोटा दोष दिला, ती मी."

तो म्हणाला, "अरे वा. असंही फोन करतं का कुणी? सांगा डॉक्टरांना, दुपारी येतो न्यायला." डॉक्टरांनी पाचही चिठ्ठ्या सोडवल्या, पण फाडल्या नाहीत, खिळ्याला टोचून ठेवल्या. ते बघून तिला पुन्हा लाज वाटली, का ते तिलाही नीट सांगता आलं नसतं.

आपली वायर पर्समध्ये ठेवून निघताना मावशी पडद्यापाशी थबकली. एका काटेरी गोळ्यावर बोट ठेवून तिने विचारलं, "हे काय आहे?"

"जास्वंदीचा परागकण."

"हं," मावशी म्हणाली.

परतीच्या वाटेवर मावशी एक पाऊल पुढे चालत राहिली. दुखऱ्या गुडघ्याने पुढे राहणं सोपं नव्हतं, तरी राहिली. घरी आल्यावर ती सरळ कपाटाशी गेली आणि वरच्या खणाखालचा खण ओढला. त्यात तशीच एक डिस्क होती. नवी, खोक्याचं प्लास्टिकही न काढलेली.

"दादाने जादाची आणून दिली होती. विचारलं असतंस तर दिली असती."

दोन खणांमध्ये चार बोटांचं अंतर होतं. भाचीने ते पाहिलं आणि तिथे पहिल्यांदा रडू लागली. मावशीने तिला रडू दिलं. समजूत घातली नाही आणि रागही केला नाही. कपाटातून एक मोठा, धुकट, अर्धपारदर्शक कागद काढला आणि जेवणाच्या टेबलावर पसरून चार कोपऱ्यांवर चार वाट्या ठेवल्या.

तो गावाचा नकाशा होता. हाताने काढलेला, शाईत. नदी, बाजार, शाळा, शाळेचं मैदान आणि मैदानाला वळसा घालून जाणारा रस्ता. एकेका गल्लीला आकडा.

"मग आहे की गाव!" भाची डोळे पुसत म्हणाली.

"नकाशा आहे. गाव नाही." मावशीने नदीच्या पलीकडच्या कोऱ्या जागेवर हात ठेवला. "आणि हाही दोन वर्षांपूर्वीचा. यात पूल नाही, दवाखाना नाही, हा सगळा काठच नाही. पुढचं काढायचं राहिलं. म्हटलं, मशीनमध्ये आहे, पळतंय कुठे."

कागदाच्या उजव्या कोपऱ्यात खाली एक छोटा तक्ता आखलेला होता. क्रमांक, तारीख, काय बदललं, सही. वरच्या तीन ओळी भरलेल्या. तिसरीत होतं, 'बाजाराचा रस्ता रुंद केला', आणि पुढे मावशीची सही.

"आमच्या ऑफिसात नकाशात काहीही बदललं तरी इथे लिहायचं. ज्याने बदललं त्याने. साहेबांनीसुद्धा." मावशीने पेन पुढे केलं. धुऊन ठेवलेल्यांपैकीच एक होतं, शाई भरलेलं. "लिही."

भाचीने क्रमांक घातला, तारीख घातली. मग लिहायला लागली, 'लॅपटॉपवर डिस्क वाचता येत नसल्यामुळे, ती रिकामी आहे असा समज झाल्याने...' एवढ्यातच ओळ भरत आली.

"रकाना लहान आहे," मावशी म्हणाली. "काय बदललं तेवढंच लिही. कारणं मावत नाहीत त्यात."

"आता हे लिहिलेलं?"

"ब्लेडने खरवड. जमतं. पण उजेडात धरलं की जागा दिसते. दिसू दे."

तिने ब्लेडने खरवडलं. कागद तिथे पातळ झाला. त्याच जागी तिने लिहिलं, 'संपूर्ण गाव पुसले', आणि सही केली. पेन खाली ठेवू लागली तर मावशीने हात पुढे केला नाही.

"आणखी एक ओळ आहे खाली."

तिला कळलं. तिने पुढचा क्रमांक घातला. 'वायरीला खोटा दोष दिला.' सही. अक्षर वेडंवाकडं होतं आणि वरच्या तीन सुबक ओळींखाली ते फार वाईट दिसत होतं. शाई वाळेपर्यंत दोघी बसल्या. वरच्या मजल्यावर कुणीतरी खुर्ची सरकवली.

मग मावशीने नव्या डिस्कचं प्लास्टिक काढलं, डॉक्टरांची वायर लावली, दोन तोंडं दोन भोकांत बसवली आणि कन्सोल सुरू केला. थोड्या वेळाने टीव्हीवर तेच वाक्य आलं. डिस्क तयार करायची का? सर्व माहिती पुसली जाईल.

मावशीने रिमोट भाचीच्या हातात दिला. "दाब. माझा अंगठा दुखतो."

भाचीने वाक्य वाचलं. पुन्हा वाचलं. मघाशीच तिच्यासमोर खोकं उघडलं होतं, प्लास्टिकचा कागद अजून तिच्या पायाशी पडला होता. कुठल्याही प्रयोगशाळेत एवढा पुरावा पुरला असता. तिचा अंगठा वरच राहिला.

"मावशी," तिने विचारलं, "हिच्यात काही आहे का?"

मावशी टीव्हीकडे बघत होती, जिथे अजून नदीसुद्धा नव्हती.

"नाही," ती म्हणाली. "रिकामी आहे."

मग भाचीने 'होय' दाबलं.